माणसांसकट डाळमिल

जालना जिल्ह्यात कुणीही कुणालाही काहीही विकू शकेल, पण आमच्या सासऱ्यांना साधी काडेपेटी विकणं कुणाच्या बापाला जमायचं नाही. हे मी जावयाच्या कौतुकाने बोलतोय असं समजू नका. पंचवीस वर्षं त्यांच्यामागे पिशवी धरून बाजारात उभा राहिलेल्या माणसाच्या अधिकाराने बोलतोय. काडेपेटी घेताना ते ती आधी कानाशी हलवतात, मग उघडतात, एक काडी ओढून बघतात आणि दुकानदाराच्या डोळ्यात डोळे घालून विचारतात, "हिची खोड सांगा." दुकानदार नवा असला की माझ्याकडे बघतो आणि मी छताकडे बघतो. जुना असला की तो निमूट सांगतो, "मामा, हवा दमट असली की दोन काड्या लागतात." मग सासरे खुशीत मान हलवतात आणि एकीऐवजी दोन पेट्या घेतात.

ही खोड विचारायची खोड त्यांना आष्टीच्या बाजाराने लावली. त्यांचे वडील बैलांचे सौदे करायचे आणि हे लहानपणी त्यांच्या धोतराला धरून बाजारभर फिरायचे. तिथला रिवाज असा, की बैलाचं दावं गिऱ्हाइकाच्या हातात देण्याआधी विकणाऱ्याने त्याची खोड सांगायची. मारका आहे, नांगराला बसतो, पाण्याला बिचकतो, काय असेल ते. सांगून दिलेली खोड घेणाऱ्याने सोसायची, लपवलेली निघाली तर बैल परत आणि वर भर बाजारात शोभा. एवढ्या एका रिवाजावर आमच्या सासऱ्यांनी सगळं आयुष्य काढलं. चप्पल घेतली तर ती पायात घालून मस्तगडपासून स्टँडपर्यंत चालून येणार, मग पैसे देणार. दुकानदाराचा पोरगा तोवर यांची जुनी चप्पल तारण ठेवल्यासारखी धरून बसलेला. डोळ्याच्या ऑपरेशनच्या वेळी यांनी डॉक्टरांनाच त्यांची खोड विचारली. डॉक्टर भले होते, म्हणाले, मला बोलायला वेळ नसतो. "चालतंय, मला बी शिवतानी बोलनारा नको," म्हणून हे टेबलावर आडवे झाले.

माझी पाळी तर फार आधी येऊन गेली होती. मुलगी बघायला गेलो, पोहे झाले, आणि भरल्या बैठकीत हे मला म्हणाले, "जावईबापू, तुमची खोड सांगा." मी म्हणालो, तशी काही नाही. त्यांनी बशी खाली ठेवली. खोड नसलेला बैल आपण अजून पाह्यला न्हाई, असं त्यांनी माझ्या वडिलांना ऐकवलं, आणि वडिलांचा चेहरा बघून मला असा संताप आला की मी ताडकन उठलो आणि म्हणालो, "मला राग लवकर येतो, झालं समाधान?" सासरे प्रसन्न हसले. "बराबर. आता बसा. पोरगी दिली." त्यानंतर मी त्यांच्यावर आजवर किती वेळा चिडलो असेन याची मोजदाद नाही, पण त्यांनी एकदाही मनाला लावून घेतलं नाही. खोड सांगून घेतलेला माल होतो ना मी.

तर अशा या माणसाने साठी उलटल्यावर डाळमिल घ्यायचं काढलं. एमआयडीसीतली जुनी, चालू मिल. तुरीची डाळ, थोडी मुगाची. मूळ मालकांचं मस्तगडला भुसारी मालाचं दुकान होतं, मुलं बाहेरगावी गेली, मिल झेपेना म्हणून ते विकत होते. सासऱ्यांनी ती मिल आठ दिवस तपासली. विहिरीचं पाणी पिऊन पाहिलं. प्रत्येक दार तीनदा उघडून लावलं. मी पडलो कर-सल्लागार. कामगारांचे फंडाचे, विम्याचे कागद भरणं हा माझा रोजचा धंदा. म्हणजे मला त्यांनी टेबलाशी बसवायला हवं होतं. त्यांनी मला छपरावर चढवलं. पत्रे मोजायला. एप्रिलच्या उन्हात मी एकशे सव्वीस पत्रे आणि त्यांतली चार भोकं मोजून खाली उतरलो तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे काजवे चमकत होते. तशातच मी जमिनीचे कागद पाहिले, लाइट बिल पाहिलं, बँकेचा दाखला पाहिला. कामगारांच्या विम्याची चलनं मागितली तर मालक म्हणाले, सगळं भरलेलं आहे, फाईल घरी आहे. आणि मी, दुसऱ्यांच्या फायलींत नाक खुपसून पोट भरणारा मी, माझ्या यादीत त्या ओळीपुढे बरोबरची खूण करून मोकळा झालो. उन्हाचं निमित्त सांगतो, पण चूक माझी.

सासऱ्यांनी मात्र शेवटी विचारायचं ते विचारलंच. "मिलची खोड सांगा." मालकांनी पंख्याकडे पाहिलं आणि म्हणाले, एक बी न्हाई. सासरे पुन्हा विचारणार होते, पण मालक वयाने मोठे, देवमाणूस म्हणून ओळखले जाणारे, शिवाय चहा आला.

करार लिहितानाही यांनी नवं खूळ काढलं. जमीन, इमारत, मशिनरी, विहीर, दोन कडुलिंब एवढं झाल्यावर म्हणाले, पुढं लिहा, कामावरची सगळी माणसं, त्यांच्या मागच्या नोकरीसकट. लिहिणाऱ्याने पेन खाली ठेवलं. मामा, माणसं विकली जात नसतात, असं तो समजावू लागला. सासरे म्हणाले, विकत न्हाई घेत, संगं घेतो. मिल म्हंजे काय पत्रे का? मला त्या पत्र्यांचा उल्लेख फार लागला. ओळ लिहिली गेली.

मुहूर्ताच्या दिवशी पूजा झाल्यावर त्यांनी सगळ्यांना ओळीत उभं केलं आणि एकेकाला नाव, गाव आणि दुखणंखुपणं विचारत पुढे सरकले. डाळ निवडणाऱ्या बायकांची पुढारी होती कौसाबाई. घनसावंगीकडची, पन्नाशीची, अंगाने काडी आणि जिभेने कुऱ्हाड. ती म्हणाली, "मालक, मला चालताना दम लागतो. आता तुमची खोड सांगा." बायका पदर तोंडाला लावून हसू लागल्या. सासऱ्यांना हा प्रश्न जन्मात कुणी विचारला नव्हता. त्यांनी खरंच विचार केला आणि म्हणाले, "मी कुणाचं ऐकून घेत न्हाई." कौसाबाई म्हणाली, "मंग जमंल. मी बी घेत न्हाई."

दोन महिन्यांनी कौसाबाई पोत्याच्या थप्पीशी कोसळली. दम, दम म्हणत होती तो हृदयाचा दम निघाला. झडप खराब झालेली, ऑपरेशन करायलाच हवं, आणि लवकर, असं डॉक्टरांनी सांगितलं. खर्च ऐकून तिच्या मुलीने भिंत धरली. मी म्हणालो, घाबरू नका, कामगारांचा विमा असतो तो याच्यासाठीच. पगारातून दर महिन्याला कापतात ना, मग सगळा खर्च विम्यातून होईल. मोठ्या तोऱ्यात तिचं कार्ड घेऊन गेलो. खिडकीवरच्या माणसाने नंबर टाकला, कॉम्प्युटरचा पडदा माझ्याकडे फिरवला आणि बोट ठेवलं. मागच्या दीड वर्षात तिच्या नावापुढे काहीच नव्हतं. आमच्याकडचे दोन महिने तेवढे भरलेले. मोठ्या ऑपरेशनला इतके इतके दिवस भरलेले लागतात, तेवढे होत नव्हते. जुन्या मालकांनी बायकांच्या पगारातून पैसे कापले होते, भरले नव्हते. मी ती फाईल पाहिली असती तर हे मला पाच मिनिटांत कळलं असतं. खिडकीपासून स्कूटरपर्यंत मी स्वतःला काय काय म्हणालो ते इथे लिहिण्यासारखं नाही.

आणि आठवड्यातच मिलच्या नावाने नोटीस आली. मागची थकबाकी, व्याजासकट, नव्या मालकाने भरावी. मी सासऱ्यांना कायदा सांगितला. धंदा एका हातातून दुसऱ्या हातात गेला, की विम्याची मागची बाकी विकणाऱ्यावरही असते आणि घेणाऱ्यावरही. ऑफिस दोघांपैकी कुणाकडूनही वसूल करू शकतं. घेणाऱ्याला सूट एवढीच, की जेवढ्या किमतीची मालमत्ता मिळाली तेवढ्यापुरतंच. सासऱ्यांनी दोनदा ऐकलं. मग म्हणाले, आष्टीच्या बाजारात असं न्हाई, तिथं लपवलेली खोड विकणाऱ्याचीच. मी म्हणालो, मामा, हे आष्टी नाही.

आमच्या ओळखीच्या वकिलांनी एक वाट काढली. तुम्ही धंदा घेतलाच नाही, फक्त इमारत आणि यंत्रं घेतली, असं म्हणायचं. माणसं जुन्याकडून सुटली, तुमच्याकडे नव्याने लागली. मग मागचं तुमच्या अंगावर येत नाही; करारातल्या त्या माणसांच्या ओळीचं काय करायचं ते बघू, दुरुस्तीचा कागद करू. मला हायसं वाटलं. खोटं कशाला सांगू, मला आनंद झाला, कारण त्यात माझी ती बरोबरची खूण पुसली जात होती. सासऱ्यांनी वकिलांना विचारलं, की माणसं नव्याने लागली म्हटल्यावर कौसाबाईचे मागचे दिवस कुठं जातील. वकील म्हणाले, ते मग जुन्या मालकाच्या बोकांडी, तिने त्यांच्याकडे भांडावं. किती दिवस लागतील भांडायला? दोन वर्षं, तीन वर्षं. सासरे उठले, वकिलांना नमस्कार केला आणि पायऱ्या उतरू लागले.

रस्त्यात मी भडकलो. म्हणालो, मामा, चूक माझी आहे आणि भुर्दंड तुम्हाला पडतोय. डाळीतला खडा रंगावरून ओळखणारं नवं मशीन तुम्ही सांगून ठेवलंय, त्याचे पैसे यात जातील. ज्यांनी खाल्लं त्यांनी भरावं, तुम्ही बाजाराचा नियम सांगता ना, मग करा मिल परत, टाका त्यांच्या अंगावर. मी रस्त्यात ओरडत होतो आणि लोक बघत होते. त्यांनी मला पुरतं ओरडू दिलं. मग म्हणाले, "बैल परत करता येतो, जावईबापू. कौसाबाईला कुठं परत करू?"

मी पुढे झालो आणि स्कूटर सुरू केली.

नव्या मशीनची ऑर्डर त्यांनी दुसऱ्याच दिवशी रद्द केली. पण नुसते पैसे भरून भागणार नव्हतं. कुणाचे कुठल्या महिन्यात किती दिवस भरले हे नावानिशी द्यायचं होतं, आणि जुनं हजेरीपुस्तक म्हणे पावसात भिजलेलं. मी हात टेकले. सासरे मात्र बायकांच्या घरोघरी गेले, पगाराच्या चिठ्ठ्या गोळा करत. कुणाच्या गादीखाली, कुणाच्या देवामागे. कौसाबाईच्या पापडाच्या डब्यात दीड वर्षाच्या सगळ्या चिठ्ठ्या होत्या, एक महिना चुकलेला नाही, आणि प्रत्येकीवर विम्याची कपात छापलेली. त्या दवाखान्यात नेऊन तिला दाखवल्या तर ती ऑक्सिजनच्या नळीतून म्हणाली, "त्यात पापडाचा मसाला हाय, झटकून घ्या."

विम्याच्या ऑफिसात गेल्यावर यांनी तिथल्या साहेबांनाही खोड विचारली. मी दुसरीकडे तोंड केलं. साहेब क्षणभर बघत राहिले आणि म्हणाले, "काका, दुपारनंतर कॉम्प्युटर बसतो." झालं. त्या दिवसापासून सकाळी ऑफिसचं कुलूप निघण्याआधी आम्ही दोघे पायरीवर हजर. चार सकाळी लागल्या. चौथ्या सकाळी साहेबांनी पडदा फिरवला आणि कौसाबाईच्या नावापुढचे सगळे महिने भरलेले दिसले. सासऱ्यांनी चष्मा पुसून ते एकेक करत मोजले. मी त्यांना घाई केली नाही.

ऑपरेशन झालं. मधल्या काळात सासऱ्यांनी दुसरं काम चालवलं होतं. दर शनिवारी ते मस्तगडच्या त्या भुसारी दुकानात जाऊन बसत. पैशाचा शब्द नाही. मालकांची तब्येत विचारायची, नातवंडांची विचारायची आणि गिऱ्हाइकांकडे तोंड करून चहा पीत बसायचं. कुणी विचारलं, इकडं कुठं, की हे सरळपणे सांगत, "काही न्हाई, संगं घेतलेल्यातलं एक मानूस आजारी निघालं, त्याची खबर द्यायला आल्तो." सातव्या शनिवारनंतर जुने मालक आपण होऊन मिलमध्ये आले. माणूस वाईट नव्हता. दोन वर्षं मंदीची गेली, पगार आधी, लाइट आधी, विमा पुढच्या महिन्यात, असं करत राहून गेलं म्हणाले. कौसाबाईवर अशी वेळ येईल असं वाटलं नव्हतं. सासरे म्हणाले, "वाटलं न्हाई, हीच खोड. तेवढी सांगायची होती." जुन्या मालकांनी अर्धी रक्कम तीन हप्त्यांत दिली, आणि सासऱ्यांनी उरलेल्या अर्ध्याचा विषय पुन्हा काढला नाही. मी काढणार होतो. मला बायकोने गप्प केलं.

चार महिन्यांनी कौसाबाई चालत मिलमध्ये आली, एकदाही न थांबता, आणि म्हणाली, मी काम सोडते. डॉक्टरांनी धूळ बंद सांगितली होती, आणि डाळमिलमध्ये धुळीशिवाय दुसरं असतं काय. सासरे बराच वेळ टेबलावरचे डाळीचे दाणे बोटाने इकडेतिकडे करत राहिले. मग मला विचारलं, काम सुटलं तर तिचा विमा किती दिवस चालेल? मी खरं ते सांगितलं, की थोडे दिवस, मग बंद. ते माझ्यावरच डाफरले, जसा काही कायदा मी केलाय. मग ते उठून फाटकापर्यंत गेले, तिथे कडुलिंबाखाली उभं राहून नाकाने हवा ओढून पाहिली आणि परत आले. म्हणाले, तिथं धूळ न्हाई. आपल्याकडं हजेरी धड कुणी लिहीत न्हाई म्हणून तर एवढा घोटाळा झाला. उद्यापासून फाटकात बसून हजेरी तू लिहायची, पगार तोच. कौसाबाईने विचारलं, सगळ्यांची? सगळ्यांची. "मंग तुमची बी लिहीन." ते म्हणाले, लिही.

तिने लिहिली. साक्षरतेच्या वर्गात शिकलेलं तिचं मोठ्ठं अक्षर, पण एक दिवस चुकला नाही. सासऱ्यांसाठी तिने शेवटचं पान राखून ठेवलं. मिलचा मालक रोज सकाळी फाटकात उभा राहून "हजर" म्हणायचा, आणि नऊच्या पुढे झालं की ती घड्याळाकडे नुसतं बघायची. आमच्या सासऱ्यांना आयुष्यात कुणी उशिराबद्दल बोललेलं नव्हतं. ते धावत यायला लागले. असं पाच वर्षं चाललं.

गेल्या दिवाळीनंतर त्यांचे पाय गेले. मस्तगडच्या घरात खिडकीशी पलंग टाकलाय, त्यावर असतात. मिल आता मी आणि माझी बायको बघतो. ते यायचे बंद झाले त्या आठवड्यात कौसाबाईने मला फाटकात थांबवलं. म्हणाली, जावईभाऊ, एक विचारू का, मालकाला विमा असतो का? मी म्हणालो, नाही, तो कामगारांचा. मालकाला कुणी भरत नाही. तिने मान हलवली आणि पुस्तकाकडे वळली.

त्या शनिवारी ती रिक्षाने मस्तगडला आली. काखेत हजेरीपुस्तक. पलंगाशी खुर्ची ओढून बसली, शेवटचं पान उघडलं आणि एकेक वार वाचू लागली. सोमवार. सासऱ्यांनी डोळे उघडले, तिच्याकडे पाहिलं आणि हळू आवाजात म्हणाले, हजर. मंगळवार. हजर. सहाच्या सहा दिवस. आता दर शनिवारी येते. मी कागदाचा माणूस, खोट्या हजेरीवर मी लोकांना दंड भरायला लावलेत. पहिल्या शनिवारी माझ्या तोंडाशी आलंही होतं. मी आत गेलो आणि चहा ठेवायला सांगितला.

परवाच्या शनिवारी त्यांनी स्वतःच विचारलं, "खाडे किती झाले माझे?"

कौसाबाईने पान त्यांच्यापुढे धरलं. त्यांना आता चष्म्यानेही दिसत नाही, तरी धरलं. "एक बी न्हाई, मालक," ती म्हणाली, आणि पुढच्या आठवड्याच्या रेघा मारायला लागली.